नगरचे नट: अभिनेत्याच्या कारकिर्दीच्या अभ्यासाची प्रस्तावना

नाटकाचा पडदा पडला की नाटककाराची संहिता मागे उरते. नटाने त्या रात्री उभी केलेली भूमिका मात्र ज्यांनी पाहिली त्यांच्यापाशीच राहते. चित्रपटात चेहरा आणि आवाज टिकतात. म्हणून टिकले तेवढेच आपण नटाची कारकीर्द मानू लागतो आणि त्याच्या चित्रपटांची यादी केली की चरित्र झाले, असे समजतो. रंगभूमी आणि चित्रपट अशा दोन्ही ठिकाणी वावरलेल्या मराठी नटांवर यात मोठा अन्याय होतो. त्यांच्या घडणीचा काळ बहुधा हौशी रंगमंचावर, जिल्ह्याच्या गावी गेलेला असतो आणि यादीत नेमका तोच नसतो. हरवलेला तो काळ शोधून पडद्यावरच्या कामाशी जोडून वाचणे, हे या अभ्यासक्षेत्राचे पहिले काम आहे. पूर्वीचा अहमदनगर, आजचा अहिल्यानगर जिल्हा त्यासाठी फार समृद्ध आहे.

सदाशिव अमरापूरकरांपासून सुरुवात करावी. ११ मे १९५० रोजी नगरला जन्मलेल्या या नटाला भारतभर ओळख मिळाली ती गोविंद निहलानींच्या १९८३ च्या ‘अर्धसत्य’मधील रामा शेट्टीमुळे. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. पण रामा शेट्टी आकाशातून पडला नव्हता. अमरापूरकर नगरच्या हौशी रंगभूमीवर घडले. पुढे ते मुंबईच्या व्यावसायिक रंगभूमीवर आले. तिथे ‘हॅण्ड्स अप’ या नाटकात ते काम करत होते. ‘अर्धसत्य’ची पटकथा विजय तेंडुलकरांची होती आणि त्यांनीच निहलानींना हे नाव सुचवले. त्याआधी १९७९ च्या ‘२२ जून १८९७’ या मराठी चित्रपटात अमरापूरकरांनी लोकमान्य टिळकांची भूमिका केली होती. टिळकांपासून रामा शेट्टीपर्यंत चार वर्षांत पोहोचणाऱ्या नटाला नुसते ‘खलनायक’ म्हणून भागत नाही.

रामा शेट्टी पुन्हा बारकाईने पाहा. तो आवाज चढवत नाही, अंगाची हालचाल बेताची ठेवतो, समोरच्या पोलीस अधिकाऱ्याला घाई करू देतो आणि आपण थांबतो. त्याची दहशत त्या थांबण्यात आहे. आता १९९१ च्या ‘सडक’मधली महाराणी पाहा. तिथे आवाज, हात, डोळे सगळे मोकळे सोडलेले आहेत. या भूमिकेसाठी त्यांना खलनायकाचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला आणि तो या वर्गातला पहिलाच होता. किती दाखवायचे आणि किती राखून ठेवायचे याचा हिशेब दोन्हीकडे पक्का आहे. हा हिशेब नट प्रेक्षकांसमोर शिकतो, कारण दाद मिळाली की नाही हे त्याला तिथल्या तिथे कळते. पुढे सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘दोघी’ आणि ‘वास्तुपुरुष’ या चित्रपटांत त्यांनी वेगळ्या जातीची कामे केली. २०१३ च्या ‘बॉम्बे टॉकीज’मध्ये, दिबाकर बॅनर्जींच्या भागात, ते एका हरलेल्या नटाला भेटणारे त्याचे दिवंगत नाट्यगुरू झाले. ३ नोव्हेंबर २०१४ रोजी त्यांचे निधन झाले.

अमरापूरकर एकटे नाहीत. २५ एप्रिल १९१८ रोजी नगरच्या मराठी ख्रिस्ती कुटुंबात जन्मलेले शाहू मोडक १९३२ च्या ‘श्यामसुंदर’मध्ये बालकृष्ण झाले आणि पुढे अनेक चित्रपटांत कृष्ण म्हणून लोकांच्या मनात बसले. १९३९ मध्ये शांतारामबापूंच्या ‘माणूस’मध्ये ते साधे हवालदार होते, तर १९४० मध्ये प्रभातच्याच ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये ज्ञानेश्वर. ज्या जिल्ह्यातल्या नेवाशाला ज्ञानेश्वरी सांगितली गेली, त्याच जिल्ह्यातल्या ख्रिस्ती तरुणाने ज्ञानेश्वर साकारले आणि महाराष्ट्राने ते मनोभावे स्वीकारले. नारायण वामन टिळकांच्या भजनांनी समृद्ध झालेल्या नगरच्या ख्रिस्ती परंपरेचा या सहजतेत किती वाटा होता, हा प्रश्न स्वतंत्र संशोधनाच्या योग्यतेचा आहे.

मधुकर तोरडमल नगरच्या कॉलेजात इंग्रजीचे प्राध्यापक होते. ‘तरुण तुर्क म्हातारे अर्क’मधला त्यांचा प्रा. बारवे आणि त्याची ‘ह’ची बाराखडी आजही लोकांच्या तोंडी आहे. नाटककार, दिग्दर्शक आणि नट या तीन भूमिका एकाच माणसात असतील, तर अभिनयाचा अभ्यास संहितेपासून तोडता येत नाही, हे तोरडमल शिकवतात. त्यांचे ‘तिसरी घंटा’ हे आत्मचरित्र या क्षेत्रात येणाऱ्याने अवश्य वाचावे. आणि संगमनेरच्या कांताबाई सातारकर? तमाशाच्या फडात आयुष्य काढलेल्या या थोर कलावंताला नाट्यइतिहासात मिळालेली जागा त्यांच्या कर्तृत्वापुढे फारच लहान आहे. जत्रेतल्या कनातीत घडणारा अभिनय आपण अभिनय म्हणून मोजणार नसू, तर आपला अभ्यास शहरी आणि अपुरा राहील.

ही केवळ आपली गोष्ट नाही. रशियन नट इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की जगाला ठाऊक झाला तो १९६४ च्या कोझिंत्सेवच्या ‘हॅम्लेट’मुळे. पण त्याआधी तो क्रास्नोयार्स्क, नोरिल्स्क, मखाचकला, स्तालिनग्राद अशा दूरदूरच्या शहरांतल्या नाटकगृहांत वर्षानुवर्षे राबला होता. १९५७ मध्ये लेनिनग्रादला तोव्स्तोनोगोव्हने बसवलेल्या ‘इडियट’मध्ये तो प्रिन्स मिश्किन झाला आणि रंगभूमीने त्याला ओळखले. त्याचा हॅम्लेट समजून घ्यायचा तर आधी नोरिल्स्कपर्यंत जावे लागते. तसेच रामा शेट्टीसाठी नगरला यावे लागते.

मग काम कसे करावे? राज्य नाट्य स्पर्धेचे निकाल, वर्तमानपत्रांतल्या नाटकांच्या जाहिराती, हँडबिले, कॉलेजांची वार्षिके, संस्थांच्या प्रयोगवह्या ही आपली साधने. नावांबाबत सावध राहावे: अमरापूरकरांचे मूळ नाव गणेश होते आणि ‘सदाशिव’ त्यांनी पुढे घेतले, त्यामुळे जुने कागद चाळताना दोन्ही नावे मनात हवीत. सहकलाकार, प्रकाशयोजनाकार, प्रॉम्प्टर आणि नेपथ्य उभारणारे कामगार यांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित कराव्यात. नटाच्या लकबी त्यांनी विंगेतून पाहिलेल्या असतात. आठवण आणि कागद यांत फरक पडला तर दोन्ही नोंदवावेत. भूमिकेचे वर्णन करताना ‘अप्रतिम’, ‘जिवंत’ अशा विशेषणांवर थांबू नये. नट कुठे उभा होता, कोणत्या शब्दावर थांबला, आवाज कुठे खाली आणला, हे लिहावे.

हे क्षेत्र अजून तरुण आहे, म्हणून इथे नव्या माणसाला भरपूर जागा आहे. त्यासाठी नाट्यशास्त्राची पदवी लागत नाही. लागते ती चिकाटी, नेमकेपणा आणि नटाविषयी आदर. ज्यांनी सत्तरच्या दशकातले नगरचे प्रयोग पाहिले, ते आज सत्तरीच्या आसपास किंवा पुढे आहेत. म्हणून पहिली मुलाखत पुढच्या वर्षावर ढकलू नका. आपल्या तालुक्यातला एक नट निवडा, त्याच्या चित्रपटांची यादी बाजूला ठेवा आणि त्याने पहिले नाटक कुठे, कोणाबरोबर केले, या प्रश्नापासून कामाला लागा.