‘स्टार वॉर्स’मधील ‘फोर्स’ : स्वरूप आणि प्रेरणास्रोत

प्रास्ताविक

जॉर्ज लुकास या अमेरिकन दिग्दर्शकाचा ‘स्टार वॉर्स’ हा चित्रपट मे १९७७ मध्ये प्रदर्शित झाला. विज्ञानकथेतील गूढ ऊर्जेचे सर्वाधिक परिचित उदाहरण म्हणून त्यातील ‘फोर्स’ या कल्पनेकडे पाहावे लागते. सजीवांतून उत्पन्न होणारे व साऱ्या विश्वाला एकत्र बांधणारे ऊर्जाक्षेत्र, असे तिचे स्वरूप ओबी-वान केनोबी हा वृद्ध योद्धा तरुण ल्यूकला समजावून सांगतो. आपल्याकडील चर्चासत्रांतून या कल्पनेविषयी एक विधान हमखास ऐकावयास मिळते : ‘फोर्स’ म्हणजे आपले प्राणतत्त्वच, लुकासने ते येथून उचलले. अशा विधानाला टाळ्याही पडतात. साम्य नाकारण्याचे कारण नाही. परंतु साम्य हा उसनवारीचा पुरावा नव्हे. कल्पना कोणत्या मार्गाने, कोणाच्या हातून गेली, हे दाखविणे इतिहासाच्या अभ्यासकास क्रमप्राप्त ठरते.

येथे भाषांतराचाही वाटा आहे. शालेय भौतिकशास्त्रात आपण ‘फोर्स’ला ‘बल’ म्हणतो. चित्रपटाविषयी लिहिताना मात्र सहजपणे ‘शक्ती’ हा शब्द योजतो. तो शब्द आपल्यासोबत शाक्त परंपरेचा सारा संस्कार घेऊन येतो, आणि निष्कर्ष जणू आधीच निघालेला असतो.

प्रेरणांचा मागोवा

उपलब्ध पुरावा आपणास प्रथम भारतात नव्हे, तर कॅनडात नेतो. आर्थर लिप्सेट यांनी १९६० च्या दशकाच्या पूर्वार्धात तेथील राष्ट्रीय चित्रपट मंडळासाठी ‘२१-८७’ हा अवघ्या दहा मिनिटांचा लघुपट तयार केला. टाकून दिलेली दृश्ये व ध्वनिफितींचे तुकडे जोडून तो सिद्ध झाला होता. त्यातील एका तुकड्यात मेंदूविज्ञान व सायबरनेटिक्स या क्षेत्रांतील संशोधक वॉरन मॅकलॉक आणि चित्रपटकार रोमन क्रॉइटर यांचा संवाद ऐकू येतो. सजीव म्हणजे अखेर गुंतागुंतीची यंत्रेच, अशी मॅकलॉक यांची भूमिका आहे. याच मॅकलॉक यांनी १९४३ मध्ये वॉल्टर पिट्स यांच्यासह चेतापेशीचे गणिती प्रारूप मांडले होते. उलट, निसर्गाच्या व इतर सजीवांच्या सान्निध्यात माणसाला दृश्यापलीकडच्या कोणत्यातरी ‘फोर्स’ची जाणीव होते आणि तिलाच तो ईश्वर म्हणतो, असे क्रॉइटर यांचे म्हणणे आहे. दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठात चित्रपटकला शिकत असताना लुकास यांनी हा लघुपट पुनःपुन्हा पाहिला. आपल्या कल्पनेत त्या शब्दाचा प्रतिध्वनी असल्याचे त्यांनी पुढे मान्य केले. मात्र जीवनशक्तीसाठी असे शब्द हजारो वर्षे अनेक समाजांत वापरले गेले आहेत, अशी पुस्तीही जोडली. राजकन्या लेयाच्या कोठडीचा क्रमांक २१८७ आहे, हा योगायोग मानणे कठीण आहे.

पटकथेचे मसुदेही बोलके आहेत. १९७४ च्या मसुद्यात ‘इतरांचा फोर्स’ अशा अर्थाचा शब्दप्रयोग येतो; १९७५ च्या मसुद्यात त्याच्या सुष्ट बाजूस ‘अश्ला’ व दुष्ट बाजूस ‘बोगन’ अशी नावे आहेत. निरोप घेताना ‘फोर्स तुझ्यासोबत असो’ म्हणण्याची पद्धत तर ख्रिस्ती प्रार्थनेतील आशीर्वचनाची सरळ आठवण करून देते. लुकास यांचे बालपण मेथॉडिस्ट कुटुंबात गेले होते, हे येथे विसरता येत नाही.

मग भारताचा संबंध मुळीच नाही काय? आहे, पण वळणावळणाचा. लुकास यांना पटकथा रचताना जोसेफ कॅम्पबेल यांच्या १९४९ मधील पुराणकथाविषयक ग्रंथाचा आधार लाभला. कॅम्पबेल हे भारतविद्येचे अभ्यासक हाइन्रिख झिमर यांच्या मरणोत्तर ग्रंथांचे संपादक. रामकृष्णांच्या संवादांच्या १९४२ मधील इंग्रजी आवृत्तीसाठी स्वामी निखिलानंदांना त्यांनी साहाय्य केले होते. परंतु हा मार्ग प्रामुख्याने नायकाच्या प्रवासाचे कथासूत्र पुरवितो. ‘फोर्स’चे स्वरूप त्यातूनच आले असे ठामपणे म्हणता येत नाही.

आणखी एक बाब आपल्या अभिमानास काहीशी अडचणीची आहे. ‘प्राण म्हणजे ऊर्जा’ हे समीकरण वाटते तितके प्राचीन नाही. विवेकानंदांनी १८९६ मधील ‘राजयोग’ या इंग्रजी ग्रंथात पाश्चात्त्य वाचकांसाठी प्राणाचे विवेचन केले, ते बव्हंशी तत्कालीन भौतिकशास्त्राच्या परिभाषेत. ऊर्जा ही एकसंध शास्त्रीय संकल्पनाच मुळी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास स्थिरावली होती. म्हणजे ज्या ‘प्राणा’शी आपण आज ‘फोर्स’ ताडून पाहतो, त्यावर आधुनिक युरोपीय विज्ञानाचा हात आधीच फिरलेला आहे! देवघेव दुहेरी होती.

१९९९ च्या चित्रपटात लुकास यांनी ‘मिडिक्लोरियन’ हे पेशींत वसणारे सूक्ष्मजीव आणले. रक्तचाचणीने त्यांची संख्या मोजून एखाद्याची ‘फोर्स’शी जवळीक किती, हे ठरविता येऊ लागले. पेशींतील मायटोकाँड्रियाशी या नावाचे साम्य उघड आहे. मॅकलॉक यांची बाजू अशा प्रकारे चाळीसेक वर्षांनी कथेत परतली. अनेक चाहत्यांना मात्र ती रुचली नाही. २०१२ मध्ये लुकास यांची कंपनी डिस्नेकडे गेली. त्यानंतरच्या २०१५ च्या चित्रपटात सूक्ष्मजीवांची ही भाषा मागे पडली. त्यातील फिन या पळून आलेल्या सैनिकाचा क्रमांक मात्र एफएन-२१८७ असाच आहे.