लाल बूथ आणि बघे

परवा रात्री 'ला काबिना' परत पाहिली. १९७२ ची स्पॅनिश फिल्म, जेमतेम ३५ मिनिटांची. शेवट सांगणार आहे, तेव्हा बघायची असेल तर आधी बघून या.

माद्रिदमध्ये इमारतींच्या मधल्या चौकात सकाळी कामगार एक लाल टेलिफोन बूथ बसवून जातात. एक मध्यमवयीन गृहस्थ मुलाला शाळेच्या बसमध्ये बसवतो आणि फोन करायला बूथमध्ये शिरतो. दार हळूच मिटतं. फोन बंद, आणि दार काही उघडेना.

सुरुवातीला आपणही हसतो. बघे जमतात, कोणी दार ओढून बघतं, पोलीस येतो, बंब येतो. आता काच फोडणार, एवढ्यात टेलिफोनवाल्यांचा ट्रक येतो. सुटला बिचारा! पण ते बूथ तसाच उचलून ट्रकवर चढवतात. वाटेत दुसऱ्या ट्रकवर, दुसऱ्या बूथमध्ये असाच एक माणूस दिसतो. दोघं काचेतून एकमेकांकडे बघत राहतात.. शेवटी जमिनीखालचं गोदाम. बूथच बूथ, आत प्रेतं. तिकडे चौकात नवा बूथ बसतो.

दिग्दर्शक आन्तोनियो मेर्सेरो. पटकथा त्याची आणि होसे लुइस गार्सीची. बूथमधला होसे लुइस लोपेस वास्केस हा तर लोकांचा लाडका विनोदी नट. १३ डिसेंबर १९७२ ला हे प्रसारित झालं ते स्पेनच्या सरकारी टीव्हीवर! खासगी चॅनेल नव्हतेच. फ्रँको १९३९ पासून सत्तेवर होता, आणि १९७५ मध्ये मरेपर्यंत राहिला.

मग हे सुटलं कसं? मला वाटतं, पकडायला हाताशी काही नव्हतंच म्हणून. नेता नाही, घोषणा नाही, कोणी हुकूमही देत नाही. कामगार आपलं काम नीट, शांतपणे करतात. आमच्या भाषेत सांगायचं तर यात बग नाहीच, सिस्टिम ठरल्याप्रमाणे चालली आहे. हुकूमशाहीचं रूपक वगैरे ठीक आहे, पण मला जास्त भीती त्या बघ्यांची वाटली. त्यात वाईट माणूस कोणी नाही. संध्याकाळी घरी जाऊन ते बायकोला गंमत म्हणून सांगतील, बस.

१९७३ मध्ये फिल्मला आंतरराष्ट्रीय एमी मिळालं. २०२१ मध्ये माद्रिदमध्ये तसाच लाल बूथ तिचं स्मारक म्हणून उभा राहिला. पण खरी दाद स्पेनच्या लोकांनी तेव्हाच दिली होती: बूथमध्ये शिरताना दारात एक पाय अडकवून ठेवायचा, मगच नंबर फिरवायचा.