तडजोडीचा मुत्सद्दी : हेन्री क्ले

इ. स. १८५० च्या जानेवारी महिन्याच्या २९ व्या तारखेस वॉशिंग्टन येथील सीनेटमध्यें ७२ वर्षांच्या एका वृद्ध मुत्सद्द्यानें आठ ठराव मांडले. केंटकी राज्याचा हा प्रतिनिधि म्हणजे हेन्री क्ले. अध्यक्षपदासाठीं तीन वेळां उभा राहून तिन्ही वेळां पराभूत झालेला. परंतु १८२० सालीं मिसूरीच्या प्रश्नावर व १८३३ सालीं जकातीच्या वादांत समेट घडवून आणणारा म्हणून सर्व अमेरिकेस परिचित.

प्रसंग बिकट होता. संघांत गुलामगिरी मानणारीं १५ व न मानणारीं १५ राज्यें होतीं. १८४८ सालीं कॅलिफोर्नियांत सोनें सांपडलें, माणसांची रीघ लागली, आणि त्या प्रांतानें गुलामगिरी वर्ज्य करून संघांत प्रवेश मागितला. पारडें झुकणार हें दिसतांच दक्षिणेंत फुटून निघण्याची भाषा सुरू झाली. क्लेची योजना देवघेवीची होती. कॅलिफोर्निया तसाच संघांत यावा, राजधानींतील गुलामांचा व्यापार बंद व्हावा. मोबदल्यांत पळालेले गुलाम पकडून देण्याचा कायदा कडक व्हावा.

पुढें हीं बहुतेक कलमें एकाच विधेयकांत गुंफण्यांत आलीं, आणि ३१ जुलै रोजीं सीनेटनें त्याच्या चिंध्या केल्या. थकलेला क्ले समुद्रकिनारीं विश्रांतीस गेला. मग इलिनॉयच्या तरुण स्टीफन डग्लसनें एकेक कलम सुटें करून सप्टेंबरांत सर्व मंजूर करून घेतलीं. प्रत्येक कलमास निराळें बहुमत! माझ्या मतें या समेटाचें दौर्बल्य येथेंच उघडें पडतें. एकमेकांस कांहीं द्यावयास बहुतेक कोणीच तयार नव्हते. जो तो आपल्या सोयीच्या कलमास मत देऊन मोकळा झाला.

किंमत मात्र तिसऱ्यानेंच दिली. नव्या कायद्यान्वयें पकडलेल्या माणसास स्वतःची साक्ष देतां येत नसे, ज्यूरीही नव्हती. कमिशनरानें त्यास धन्याच्या हवालीं केल्यास फी १० डॉलर, सोडून दिल्यास ५. श्रोत्यांनीं हे आंकडे ध्यानांत ठेवावे. क्ले गुलामगिरीस अनिष्ट म्हणे. पण त्याच्या ॲशलंड येथील शेतींत गुलामच राबत.

१८५२ च्या जूनमध्यें क्ले वारला. स्प्रिंगफील्ड येथें त्याच्या गौरवपर भाषण करणारा वकील होता अब्राहम लिंकन. १८६१ च्या एप्रिलांत तोफा सुटल्या, त्या वेळीं अध्यक्षपदीं तोच होता.