एका नांवाची कहाणी : तामीळ बोलपट ‘बाशा’

परभणी जिल्ह्यांतील गंगाखेड हें गोदातीरावरील गांव संत जनाबाईचें. पूर्वीं ह्याच जिल्ह्यांत असलेलें व १९९९ सालापासून हिंगोली जिल्ह्यांत गेलेलें नरसी हें नामदेवांचें जन्मस्थान मानलें जातें. ह्या मुलखांतली अभंगवाणी पंढरपुरास पोंचली हें सर्वांस ठाऊक आहे. पण तिच्या प्रवासाचा एक फांटा थेट कावेरीच्या खोऱ्यांत गेला, हें फारसें कोणाच्या ध्यानांत नसतें. व्यंकोजी भोसल्यांनीं १६७६ च्या सुमारास तंजावरास राज्य स्थापिलें. पुढें पावणेदोनशें वर्षें तेथील दरबारीं मराठी बोलली, लिहिली व गायिली गेली. मराठी कीर्तनाच्या वळणावर तेथील हरिकथा घडली, आणि नामदेव-तुकारामांचे अभंग आजही तामीळ भजनमंडळ्यांत गायिले जातात. १९३८ सालीं निघालेल्या तामीळ बोलपटांत मुसिरी सुब्रह्मण्य अय्यर ह्या थोर गायकांनीं तुकोबांची भूमिका केली होती.

हा व्यवहार संतांपुरताच राहिला असता तर त्यांत नवल नव्हतें. परंतु विसाव्या शतकाच्या अखेरीस तामीळ प्रेक्षकांनीं ज्या मारधाडीच्या बोलपटाला अक्षरशः डोक्यावर घेतलें, त्याचा नायकही मराठी बोलणाऱ्या घरांतलाच होता. तो बोलपट म्हणजे १२ जानेवारी १९९५ रोजीं पोंगलच्या सणास प्रदर्शित झालेला ‘बाशा’, आणि तो नायक म्हणजे रजनीकांत.

रजनीकांत यांचें मूळ नांव शिवाजीराव गायकवाड. १२ डिसेंबर १९५० रोजीं बंगळूर येथें त्यांचा जन्म झाला. वडील रामोजीराव पोलीस खात्यांत शिपाई होते. घराण्याचें मूळ जेजुरीच्या परिसरांतील मावडी कडेपठार ह्या गांवीं. आई लहानपणींच वारली. घरांत मराठी व शाळेंत कन्नड अशा दोन भाषांत वाढलेल्या ह्या तरुणानें बंगळूरच्या बसगाडीवर कंडक्टरची नोकरी धरली. १९७३ सालीं तो मद्रासच्या चित्रपट-शिक्षणसंस्थेंत दाखल झाला. तेथें दिग्दर्शक के. बालचंदर यांची दृष्टि त्याच्यावर गेली. त्यांनीं त्याला तामीळ शिकावयास सांगितलें आणि १९७५ च्या ‘अपूर्व रागंगळ’ ह्या बोलपटांत एक लहानशी भूमिका दिली.

भूमिका मिळाली, पण नांव गेलें. तामीळ पडद्यावर ‘शिवाजी’ आधींच नांदत होते, ते म्हणजे शिवाजी गणेशन्. हे गृहस्थ अस्सल तामीळ. १९४५ च्या सुमारास अण्णादुराई यांनीं शिवछत्रपतींवर लिहिलेल्या नाटकांत गणेशन् यांनीं महाराजांची भूमिका इतकी प्रभावी वठविली कीं, पेरियार रामस्वामी यांनीं त्यांस ‘शिवाजी’ हीच पदवी दिली. दैवाचा खेळ असा कीं, छत्रपतींचें नांव एका तामीळ नटानें अभिनयाच्या बळावर मिळविलें आणि त्यामुळें तें नांव जन्मतः लाभलेल्या मराठी मुलाला तें दाराबाहेर ठेवून आंत यावें लागलें. बालचंदर यांनीं आपल्या जुन्या ‘मेजर चंद्रकांत’ मधील एका पात्राचें नांव उचलून त्याला दिलें. शिवाजीराव ‘रजनीकांत’ झाले.

ज्या बोलपटानें हें नवें नांव तामीळ देशांत सर्वतोमुखीं केलें त्याचें कथानकही नांव टाकण्याचेंच असावें, हा योगायोग विचार करण्याजोगा आहे. माणिक्कम् हा मद्रासेंतला रिक्षावाला. आई, भाऊ व बहिणी यांचा संसार चालविणारा, कोणाच्या अध्यांत ना मध्यांत. मात्र त्याच्या मागें मुंबईचा एक भूतकाळ आहे. मार्क अँटनी नांवाच्या गुंडसम्राटाच्या माणसांनीं अन्वर ह्या त्याच्या जिवलग मित्राचा खून केला, तेव्हां मित्राचें ‘बाशा’ हें नांव आपल्या नांवापुढें जोडून तो ‘माणिक बाशा’ झाला आणि अँटनीशीं झुंजला. पुढें मरणोन्मुख पित्याला दिलेल्या वचनाखातर तें नांव पुरून टाकून तो मद्रासेस येऊन राहिला. मुंबईंत १९९२-९३ च्या दंगली होऊन पुरतीं दोन वर्षें लोटलीं होतीं. अशा समयीं एक हिंदु व एक मुसलमान अशीं दोन नांवें एकाच देहावर धारण करणारा नायक त्याच मुंबईच्या पार्श्वभूमीवर उभा करणें, ही गोष्ट करमणुकीपलीकडची होती.

कल्पनेचें बीज मात्र हिंदीच्या शेतांतून आलें. १९९१ च्या ‘हम’ ह्या हिंदी बोलपटांत रजनीकांत यांची भूमिका होती. त्यांतील धाकट्या भावाच्या पोलीस-शिक्षणासंबंधींचा एक प्रसंग चित्रित न होतां गळाला. पण तो त्यांच्या मनांत घर करून राहिला. ‘अण्णामलै’ व ‘वीरा’ हे त्यांचे बोलपट दिग्दर्शित करणारे सुरेश कृष्ण यांनीं त्या एका प्रसंगाभोंवतीं सबंध कथा रचली. संवाद कादंबरीकार बालकुमारन् यांनीं लिहिले. निर्मिति ‘सत्या मूव्हीज’ ह्या संस्थेची. तिचे प्रमुख आर. एम. वीरप्पन् हे एम. जी. रामचंद्रन् यांचे जुने सहकारी आणि त्या वेळीं तामीळनाडूचे मंत्री होते.

बोलपटाची सारी शक्ति रोखून धरण्यांत आहे. नायकाचा पराक्रम दिग्दर्शक दीर्घकाळ दाखवीतच नाहीं. बहिणीच्या महाविद्यालय-प्रवेशासाठीं माणिक्कम् संस्थाचालकाच्या खोलींत जातो; कांचेपलीकडे त्याची मुद्रा पालटलेली दिसते, समोरचा मनुष्य थरथरूं लागतो, पण शब्द एकही ऐकूं येत नाहीं. पुढें एक गुंड त्याला खांबाला बांधून मारतो आणि तो मुकाट्यानें मार खातो. ह्या प्रसंगास वीरप्पन् यांचा विरोध होता. आपल्या दैवताला मार खातांना पाहून प्रेक्षक खवळतील, ही त्यांची भीति अनाठायीं म्हणतां येत नव्हती. आधीं प्रसंग चित्रित करूं, मग पाहून ठरवूं, असा दिग्दर्शकाचा आग्रह पडला व प्रसंग टिकला. बहिणीच्या अंगाला हात लागतांच हाच शांत मनुष्य उसळतो, तेव्हां तो पहिला तडाखा इतका भारी वाटतो, ह्याचें कारण आधीं सोसलेला मार हेंच होय. सामर्थ्याहून संयमाचा धाक अधिक, हें तत्त्व मारामारीच्या बोलपटानें इतक्या स्वच्छपणें क्वचितच मांडलें असेल.

संगीत देवा यांचें व पद्यरचना वैरमुत्तु यांची. मद्रासच्या गरीब वस्त्यांत ‘गाना’ नांवाचा एक लोकगीतप्रकार आहे. ठेका उडता, भाषा रस्त्यावरची, आशय कधीं थट्टेचा तर कधीं मरणाचा. देवा यांनीं तो प्रकार बोलपटांत रूढ केला म्हणून त्यांची ख्याति आहे. आपल्याकडील वगनाट्यांतील ढोलकी जशी ऐकणाऱ्याचे पाय आपोआप हलविते, तशीच ह्या ठेक्याची ओढ. एस. पी. बालसुब्रह्मण्यम् यांनीं गायिलेलें रिक्षावाल्याचें गीत तर त्या धंद्यांतील लोकांचें जणूं मानगीत होऊन बसलें. नायकाच्या प्रवेशाची वाद्यरचना वाजूं लागतांच चित्रगृहांत शिट्ट्यांचा कल्लोळ उठे.

बोलपटानें रौप्यमहोत्सव पाहिला. कन्नडमध्यें २००१ सालीं ‘कोटिगोब्ब’ ह्या नांवानें त्याची आवृत्ति निघाली, आणि २०१७ सालीं मूळ प्रत नव्या तंत्रानें उजळून पुन्हां प्रदर्शित झाली. परंतु त्याचा सर्वांत मोठा पडसाद चित्रगृहाबाहेर उमटला. १९९५ च्या जुलैमध्यें दिग्दर्शक मणिरत्नम् यांच्या घरावर बाँब फेंकला गेला. त्यानंतर ‘बाशा’च्या यशाप्रीत्यर्थ झालेल्या समारंभांत रजनीकांत यांनीं राज्यांत बोकाळलेल्या बाँबच्या प्रकारांवर उघड टीका केली. व्यासपीठावर मंत्री वीरप्पन् बसलेले होते. मुख्यमंत्री जयललिता यांचा रोष होऊन पुढें त्यांचें मंत्रिपद गेलें. १९९६ च्या निवडणुकींत रजनीकांत जयललितांच्या विरोधीं आघाडीच्या बाजूनें बोलले आणि त्या सत्तेवरून पायउतार झाल्या. पडद्यावर मौन सोडणारा माणिक्कम् आणि व्यासपीठावर मौन सोडणारा नट, यांतील सीमारेषा लोकांच्या मनांत पुसट झाली.

तेव्हांपासून त्यांच्यापुढें जो प्रश्न उभा राहिला, तो मात्र पडद्यावर सुटणारा नव्हता. ज्याची मातृभाषा तामीळ नाहीं त्यानें तामीळ लोकांचें नेतृत्व करावें काय? २०१७ सालीं त्यांनीं स्वतःस अस्सल तामीळ म्हणवून घेतलें. कर्नाटकांतल्या २३ वर्षांपेक्षां तामीळनाडूंतलीं ४४ वर्षें अधिक आहेत, असा हिशोब मांडला, आणि त्याच वर्षाच्या शेवटच्या दिवशीं राजकारणांत उतरण्याचें जाहीर केलें. परंतु २९ डिसेंबर २०२० रोजीं प्रकृतीच्या कारणास्तव तो बेत त्यांनीं सोडून दिला.

२००७ सालीं शंकर यांच्या दिग्दर्शनाखालीं त्यांचा एक बोलपट निघाला. त्याचें नांवच ‘शिवाजी’, आणि नायकही शिवाजीच. मद्रासच्या उंबरठ्याबाहेर ठेवलेलें जन्मनांव तामीळ लोकांनींच अशा रीतीनें त्यांना परत केलें. २०२१ सालीं त्र्यंबकेश्वरच्या दादासाहेब फाळक्यांच्या नांवाचा सन्मान स्वीकारतांना त्यांनीं तो गुरु बालचंदर, थोरले बंधु आणि अभिनयाचा गुण प्रथम ओळखणारा बंगळूरचा बसचालक मित्र यांना अर्पण केला. जनाबाई-नामदेवांची वाणी कावेरीतीरीं गेली, तेव्हां तिला आपलें मराठीपण सोडावें लागलें नाहीं. ह्या माणसाला नांव सोडावें लागलें आणि भाषा नवी शिकावी लागली. तथापि लोकांनीं त्याला आपलें म्हटलें तें त्यानें काय टाकलें हें पाहून नव्हे, तर त्यांच्यामध्यें राहून काय सोसलें व केव्हां तोंड उघडलें हें पाहून.