परदेशातली भाड्याची गाडी आणि तीन साक्षी

राहुरीतून कुणी परदेशी निघालं, याचं आता नवल राहिलेलं नाही. कृषी विद्यापीठातून कुणी संशोधनासाठी जातं, कुणाचा मुलगा तिकडं नोकरीला असतो म्हणून आईवडील चार-सहा महिने राहून येतात. तिथं भाड्यानं गाडी घ्यायची म्हटलं, की बहुतेक ठिकाणी चार गोष्टी मागतात: पासपोर्ट, मूळ लायसन्स, आंतरराष्ट्रीय वाहन परवाना आणि चालवणाऱ्याच्याच नावाचं क्रेडिट कार्ड. ही मागणी एका दिवसात ठरलेली नाही. तिच्यामागं शंभर वर्षांहून मोठा इतिहास आहे, तो आज आपण बघू.

मूळ प्रश्न साधा आहे. अनोळखी माणसावर विश्वास कशाच्या जोरावर ठेवायचा? आपल्या गावात ‘अमक्याचा नातू’ एवढं सांगितलं तरी भागतं. वेशीबाहेर ही ओळख चालत नाही, मग सरहद्दीपलीकडं कुठून चालणार? तिथं साक्ष लागते, आणि ती कागदावर लागते.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला युरोपात मोटारी एका देशातून दुसऱ्या देशात जाऊ लागल्या. प्रत्येक सरहद्दीवर नवी तपासणी कोण करत बसणार? म्हणून १९०९ साली पॅरिसमध्ये करार झाला. गाडी धड आहे आणि चालवणारा लायक आहे, हे त्याच्या देशानं एकाच दाखल्यावर लिहून द्यायचं, असं ठरलं. ही पहिली साक्ष, आणि ती मुख्यतः गाडीची होती. कारण त्या काळी प्रवासी स्वतःचीच गाडी घेऊन जाई. आपल्याकडं सगळ्या देशासाठी पहिला मोटार कायदा आला तो १९१४ साली.

१९२६ साली पॅरिसमध्येच पुन्हा करार झाला आणि गाडीचा कागद वेगळा, माणसाचा कागद वेगळा झाला. वरवर ही कारकुनी बाब वाटते. पण आमच्या मते या इतिहासातलं खरं वळण हेच. माणसाची साक्ष गाडीपासून सुटी झाली, म्हणून तो दुसऱ्याच्या गाडीतही बसू शकला. भाड्याच्या गाडीची वाट इथं मोकळी झाली.

पुढं १९४९ साली संयुक्त राष्ट्रांच्या पुढाकारानं जिनिव्हा करार झाला. परवान्याचा नमुना, वाहनांचे वर्ग, एक वर्षाची मुदत, सगळं त्यात बांधून दिलं. भारतानं त्यावर तेव्हाच सही केली, आणि १९६२ साली तो मंजूर केला. मुंबईची वेस्टर्न इंडिया ऑटोमोबाईल असोसिएशन ही १९१९ सालची संस्था. तीही असे परवाने देत आली आहे.

इथं एक गैरसमज काढून टाकू. हा परवाना म्हणजे नवं लायसन्स नव्हे. तो आपल्या लायसन्सचा परदेशी पोलिसाला वाचता येईल असा, सरकारनं दिलेला तर्जुमा आहे. मूळ लायसन्स जवळ नसेल तर तर्जुम्याला अर्थ नाही. आणि करारात नसलेल्या देशात तो मानला जाईलच असं नाही. चीनमध्ये तो चालत नाही. जपान १९४९ च्या नमुन्याचाच परवाना मानतो, म्हणून आपला तिथं चालतो. ब्रिटनमध्ये पाहुण्याला बारा महिन्यांपर्यंत भारतीय लायसन्सवरच गाडी चालवता येते. अमेरिकेत राज्यागणिक नियम वेगळे.

तिसरी साक्ष पैशाची. भाड्यानं देणारा आपली लाखोंची वस्तू परक्याच्या हातात देतो. त्याला तारण हवं. पूर्वी सावकार दागिना ठेवून घेई, आता कार्डावरची रक्कम अडकवून ठेवतात. म्हणून कार्ड चालवणाऱ्याच्याच नावाचं मागतात. जावयाचं कार्ड आणि सासऱ्याचं लायसन्स, असा मेळ सहसा चालत नाही.

आता आपल्याकडचं बघू. राहुरीकरांना अर्ज करायचा तो श्रीरामपूरच्या परिवहन कार्यालयाकडं. ऑनलाइनही करता येतो. केंद्राच्या नियमात शुल्क हजार रुपये आहे. मुदत एक वर्ष किंवा मूळ लायसन्स संपेपर्यंत, जे आधी येईल ते. जानेवारी २०२१ पासून अर्जासोबत व्हिसा आणि वैद्यकीय दाखला लागत नाही, आणि परदेशात असताना मुदत संपली तर भारतीय वकिलातीमार्फत नूतनीकरण मागता येतं. ऑगस्ट २०२२ मध्ये देशभर एकच नमुना ठरला, त्यावर क्यूआर कोड आला.

तरीही माणसं अडतात, आणि बहुतेकदा नावापाशी अडतात. पासपोर्टवर आडनाव वेगळ्या रकान्यात, मध्ये वडिलांचं नाव. लायसन्सवर स्पेलिंग निराळं, कार्डावर नुसतं आद्याक्षर. तीन साक्षीदार तीन माणसांची नावं सांगत असतील तर परक्यानं कुणाचं ऐकायचं? अपघात झाला तर हाच फरक विमा कंपनीसमोर उभा राहतो, आणि भरपाई नाकारली गेली तर सगळा खर्च आपल्या अंगावर येतो. तिकीट काढण्याआधी तिन्ही कागद शेजारी ठेवून नाव ताडून बघावं. ऑनलाइन जाहिरात करून ‘इंटरनॅशनल लायसन्स’ विकणाऱ्यांपासूनही सावध राहावं. साक्ष सरकारची हवी, विकत घेतलेली साक्ष चौकीवर उभी राहत नाही.

एवढं सांगून आम्ही थांबतो. आता आपले प्रश्न घेऊ.