'हॅक' झालं, की उघडंच होतं?

फेब्रुवारी २०२५ मध्ये राजकोटच्या एका प्रसूतिगृहातलं, महिला रुग्णांच्या तपासणीचं सीसीटीव्ही चित्रण टेलिग्रामवर विकलं जातंय हे उघड झालं. अहमदाबादच्या सायबर पोलिसांनी अटक केलेल्यांत एक जण सांगलीचा होता. बातम्यांनी शब्द वापरला 'हॅक'. संशोधनाला बसणार असाल तर हा शब्द तसाच टिपणवहीत उतरवू नका. पुढच्या तपासाच्या बातम्यांत आलं की तिथला पासवर्ड 'ॲडमिन१२३' होता. कंपनीने दिलेला, कुणी न बदललेला.

आता जरा मागे जाऊ. १९९६ मध्ये स्वीडनच्या ॲक्सिस कंपनीने नेटवर्कला थेट जोडता येणारा कॅमेरा बाजारात आणला. २००९ मध्ये शोडान आलं: इंटरनेटला जोडलेली यंत्रं शोधून देणारं सर्च इंजिन. २०१४ मध्ये इन्सेकॅम गाजलं. जगभरातल्या हजारो घरा-दुकानांचं थेट चित्रण एकाच संकेतस्थळावर, कारण तेच, पासवर्ड बदललेला नाही. २०१६ च्या मिराईने तर साठेक ठरलेल्या युजरनेम-पासवर्डच्या जोड्या लावून लाखो कॅमेरे नि डीव्हीआर ताब्यात घेतले. म्हणजे राजकोटच्या आधी निदान दहा वर्षं हा धोका माहीत होता.

मग बदललं का नाही? याचं उत्तर मला ग्रंथालयात कमी आणि दुकानांत जास्त सापडतं. साताऱ्यात राजपथावर किंवा मिरजेत दवाखान्यांच्या रस्त्यावर सहज विचारून बघा, "कॅमेऱ्याचा पासवर्ड कुणाकडे असतो?" बहुतेकदा उत्तर येतं, "बसवणाऱ्याकडे." मालकाला गल्ला मोबाइलवर बघायचा असतो, बसवणारा राउटरमध्ये पोर्ट उघडून देतो, आणि दुरुस्तीला सोपं म्हणून पासवर्ड तोच ठेवतो. पासवर्ड स्वतः बदलणं, पोर्ट नि यूपीएनपी बंद करणं, फर्मवेअर अद्ययावत ठेवणं, ही तासाभराची कामं. तपासणीच्या खोलीत तर कॅमेरा नकोच. तिथे कुठलाही पासवर्ड पुरेसा नाही.

आणि तुमच्यासाठी एक अडचण. शोडानवर किती कॅमेरे उघडे आहेत हे मोजणं वेगळं, त्यातला एक उघडून बघणं वेगळं. माहिती तंत्रज्ञान कायद्याची कलमं ४३ आणि ६६ परवानगीशिवायच्या प्रवेशाबद्दल आहेत, ६६ ई खासगीपणाबद्दल. "अभ्यासासाठी बघितलं" म्हणून त्यातून सूट मिळेल असं धरून चालू नका. माझ्या या विषयाच्या फाइलमध्ये तारखा आहेत, मॉडेल क्रमांक आहेत, बातम्यांची कात्रणं आहेत. चित्र एकही नाही.