चौसष्ट आकृत्यांचा ग्रंथ

ख्रिस्तपूर्व २१३ साली चीनच्या पहिल्या सम्राटाने, चिन शि ह्वांगने, ग्रंथांची होळी करण्याचे फर्मान काढले. जुन्या राज्यांचे इतिहास, काव्ये, पंडितांचे वादविवाद, सारे अग्नीच्या स्वाधीन व्हायचे होते. त्यातून वैद्यक, शेती आणि शकुन या विषयांची पुस्तके मात्र वगळली होती. सम्राटाला विचारवंतांची धास्ती होती खरी. पण औषध, धान्य आणि उद्याची काळजी यांवाचून त्याचे तरी कसे चालावे! शकुनाच्या पोथ्यांत गणला गेल्यामुळे जो एक ग्रंथ त्या आगीतून सहीसलामत सुटला, त्याचे नाव ‘यी चिंग’.

‘यी’ म्हणजे बदल. ‘चिंग’ या शब्दाचा एक जुना अर्थ मागावरचा ताणा, म्हणजे ज्याच्या आधाराने सारे वस्त्र विणले जाते तो उभा धागा. पुढे बौद्ध धर्मग्रंथ चिनी भाषेत नेले गेले तेव्हा आपल्या ‘सूत्र’ शब्दासाठी हाच ‘चिंग’ वापरला गेला. धाग्याला धागाच मिळाला म्हणायचा! साऱ्या बदलांच्या तळाशी असलेला ताणा उकलून दाखवतो, असा या ग्रंथाचा दावा आहे.

त्याची मांडणी मोठी साधी आहे. एक अखंड रेघ आणि एक मधोमध तुटलेली रेघ, एवढेच त्याचे भांडवल. अखंड ती ‘यांग’, म्हणजे प्रकाश, गती, आकाश. तुटकी ती ‘यिन’, म्हणजे छाया, स्थैर्य, धरित्री. अशा तीन रेघा एकावर एक रचल्या की आठ आकृत्या होतात, आणि सहा रचल्या की चौसष्ट. प्रत्येक आकृतीला एक नाव, त्याखाली थोडके गूढ शब्द, आणि प्रत्येक रेघेला आणखी एक वचन.

चिनी परंपरा सांगते, की आठ आकृत्या फूशी या आदिपुरुषाने सृष्टीचे निरीक्षण करून काढल्या. चौसष्टांचा विस्तार चौ घराण्याच्या वन राजाने तुरुंगात असताना केला. आणि त्यावरची भाष्ये कन्फ्यूशियसने लिहिली. म्हातारपणी त्याने हा ग्रंथ इतका वाचला, की पोथीची चामड्याची वादी तीनदा तुटली, अशी आख्यायिका आहे. आजचे अभ्यासक ग्रंथाचा गाभा सुमारे पावणेतीन-तीन हजार वर्षांपूर्वीचा आणि भाष्ये त्यानंतर काही शतकांनी जोडलेली मानतात.

आता वाचकहो, या आठ आकृत्या तुम्ही शाळेत पाहिल्या आहेत असे मी म्हटले तर? मी मुलांना वृत्ते शिकवतो. फळ्यावर लघू-गुरूच्या खुणा मांडायच्या आणि तीन-तीन अक्षरांचे गण पाडायचे: य, म, त, र, ज, भ, न, स. गण आठच का, असे मुलांना विचारावे. एका जागी दोन शक्यता, तर तीन जागी दोन गुणिले दोन गुणिले दोन. पिंगलाच्या छंदःशास्त्रात असा ‘प्रस्तार’ मांडण्याची रीतच दिली आहे, आणि सहा अक्षरांच्या चरणाचा प्रस्तार केला तर लघू-गुरूंचे प्रकार होतात बरोबर चौसष्ट! चीनने आपल्याकडून घेतले किंवा आपण चीनकडून, असे म्हणण्याचे कारण नाही. दोनाची दुप्पट सहा पायऱ्या चढली, की कोणत्याही देशात चौसष्टावरच पोचते.

हे ध्यानात ठेवले, म्हणजे पुढची हकीकत नीट उमगते.

जर्मनीतल्या हॅनोव्हरच्या दरबारी लायबनिट्झ नावाचा थोर गणिती होता. केवळ एक आणि शून्य एवढ्या दोन अंकांनी सारी अंकगणिते करता येतात, हे त्याने १६७९ सालीच लिहून ठेवले होते. त्यात त्याला ईश्वराची खूण दिसे: एक म्हणजे देव, शून्य म्हणजे अभाव, आणि दोहोंतून सारी सृष्टी. १७०१ साली त्याने ही युक्ती पेकिंगमधल्या एका फ्रेंच धर्मोपदेशकाला कळवली. त्याचे नाव जोआशिम बूव्हे. कांग्शी सम्राटाला भूमिती शिकवणारा हा विद्वान जेझुइट. पत्र वाचताच बूव्हेला यी चिंगच्या रेघा आठवल्या. त्याने चौसष्ट आकृत्यांचा एक आलेख पाठवून दिला. ४ नोव्हेंबर १७०१ चे ते पत्र लायबनिट्झच्या हाती पडले १ एप्रिल १७०३ रोजी! तुटकी रेघ शून्य आणि अखंड रेघ एक धरून लायबनिट्झने आलेख वाचला, आणि काय आश्चर्य, शून्यापासून त्रेसष्टापर्यंतचे आकडे ओळीने उभे! आठवड्याच्या आत त्याने आपला निबंध पॅरिसच्या विज्ञान अकादमीकडे धाडला. चार हजार वर्षांपूर्वीच्या फूशीला ठाऊक असलेले आणि पुढे चिनी विसरून गेलेले गणित आपण पुन्हा शोधले, असे त्याला वाटले.

परंतु तो आलेख फूशीचा नव्हताच. ती रचना अकराव्या शतकातल्या शाओ युंग या तत्त्वज्ञाच्या परंपरेतली. मूळ ग्रंथातला क्रम निराळाच आहे. तिथे आकृत्या जोडीने येतात; पहिली उलटी केली की तिची जोडीदारीण मिळते. उलटूनही तशीच राहणाऱ्या आठ आकृत्या आहेत; त्यांच्यात प्रत्येक रेघ बदलून जोडी जमवली आहे. अशा एकंदर बत्तीस जोड्या. त्यात शून्य ते त्रेसष्ट ही मोजणी नाही. त्यातही १९७३ साली चांगशा शहराजवळ मावांग्दुई येथे ख्रिस्तपूर्व १६८ मधले एक थडगे उकलले, तेव्हा त्यात रेशमावर लिहिलेली यी चिंगची प्रत सापडली. तिच्यात चौसष्टांचा क्रम आणखीच वेगळा! ज्या क्रमात विश्वाचे गुपित शोधत पिढ्यान्‌पिढ्या झिजल्या, तो क्रमच प्राचीन काळी एक नव्हता.

बूव्हेची मजल तर आणखी पुढे गेली. फूशी म्हणजे बायबलातला हनोख आणि या आकृत्यांत ख्रिस्ती धर्माचे सत्य दडलेले आहे, असे तो मानू लागला. ज्याने त्याने आपापली चौकट आणली आणि ग्रंथावर ठेवून पाहिली. ती चपखल बसली. आजही कोणी सांगतात, की पेशीतल्या जनुकीय संकेताची अक्षरेही चौसष्ट, तेव्हा ऋषींना सारे ठाऊक होते. जनुकाची चार अक्षरे तीन जागी बसतात म्हणून चौसष्ट, आणि चार म्हणजे दोनाचा वर्ग. या न्यायाने बुद्धिबळाचा पट, चौसष्ट कला आणि चौसष्ट योगिनी यांचेही जनुकाशी नाते जोडता येईल!

येथे मला एक भेद महत्त्वाचा वाटतो. लायबनिट्झची ऐतिहासिक समजूत चुकली, पण त्याचे गणित चुकले नाही. एक-शून्याची ती पद्धत फूशीच्या नावाचा टेकू काढून घेतल्यावरही उभी राहिली. आजचा प्रत्येक संगणक तिच्यावर चालतो. बूव्हेच्या हनोखाखालचा टेकू काढला, तेव्हा हाती काही उरले नाही. एखादी आकृती दिसली की ती खरी की आपल्या मनाची, हे ताडण्याची याहून सोपी परीक्षा मला ठाऊक नाही. दिवाळी अंक हाती येताच घरात कोणीतरी आधी राशिभविष्याचे पान उघडते. त्यांच्यावर मी रागावत नाही, एवढी परीक्षा तेवढी सुचवतो.

मग यी चिंग टाकाऊ ठरते का? मला तसे वाटत नाही. जुन्या रीतीने कौल घ्यायचा तर एका रानवनस्पतीच्या पन्नास काड्या लागतात. एक बाजूला ठेवायची, उरलेल्या एकोणपन्नासांचे दोन भाग करायचे, चार-चार करून मोजायच्या. अशा तीन फेऱ्या झाल्या की एक रेघ मिळते, आणि अठरा फेऱ्यांनी पुरी आकृती. प्रश्न घेऊन आलेल्या माणसाला एवढा वेळ मुकाट बसावे लागते. रागाच्या भरात युद्ध पुकारायला निघालेला राजा अठरा फेऱ्या काड्या मोजत बसला, तर त्या अवधीत त्याला दोन शहाणपणाचे विचार सुचले नसतील, असे कोण म्हणेल?

आणि आकृत्यांमागचा विचारही उथळ नाही. अकराव्या आकृतीत धरित्री वर आहे आणि आकाश खाली. आपल्याला हे उफराटे वाटेल. ग्रंथ मात्र तिला ‘शांती’ म्हणतो. कारण आकाशाची ओढ वर, धरित्रीची खाली. म्हणून दोघे एकमेकांकडे येतात. बारावीत आकाश वर, धरित्री खाली, सारे जागच्या जागी. आणि तिचे नाव ‘कोंडी’, कारण दोघे एकमेकांपासून दूरच जातात. घरात वडीलधारे वर आणि लहान खाली असेच बसून राहिले, तर काय होते, हे कोणत्याही कुटुंबाला सांगायला नको.

शेवटच्या दोन आकृत्या तर विशेष पाहण्याजोग्या. त्रेसष्टाव्या आकृतीत प्रत्येक रेघ आपल्या योग्य जागी आहे. साऱ्या चौसष्टांत अशी ही एकच. तिचे नाव ‘पैलतीर गाठला’. कोणीही ग्रंथकार येथेच समाप्ती करता. पण त्यानंतर चौसष्टावी येते, जिच्यात एकही रेघ जागेवर नाही. तिचे नाव ‘अजून पैलतीर गाठायचा आहे’, आणि तीन हजार वर्षांचा हा ग्रंथ तिच्यावर संपतो.